टर्निप ड्रायव्हर टाकला तरी गेम काळा, चौकटी-चौकटी किंवा बंद: काय तपासायचं आणि कुठे थांबायचं

दर दोन-तीन आठवड्यांनी कुणीतरी माझ्यापुढे फोन धरतं आणि तेच वाक्य कानावर येतं: "दादा, टर्निप टाकला, पण गेम काळाच दिसतोय." कधी भाचा असतो, कधी त्याच्या वर्गातला कुणी, कधी गल्लीतला कॉलेजचा मुलगा. फोन वेगळा, गेम वेगळा, पण बिघाड फिरून फिरून त्याच सात-आठ जागी सापडतो. म्हणून मी ज्या क्रमाने बघतो तो क्रम लिहून ठेवतोय. क्रम पाळा अशी माझी कळकळीची विनंती आहे. बहुतेक जण शेवटून सुरुवात करतात. एका दुपारी दहा ड्रायव्हर उतरवतात, त्यातला एकही चालला नाही की फोन रूट करायला (म्हणजे त्याच्या सिस्टिमचा पूर्ण ताबा घ्यायला) बसतात, आणि कारण एखाद्या साध्या सेटिंगमध्ये तसंच पडून असतं.

ज्यांना हे सगळं नवीन आहे त्यांच्यासाठी थोडक्यात. स्नॅपड्रॅगन चिपमध्ये चित्र काढणारा जो भाग असतो, त्याचं नाव अ‍ॅड्रेनो. (रेडिऑन या नावाची अक्षरं फिरवली की अ‍ॅड्रेनो होतं. एएमडीचा मोबाइल ग्राफिक्सचा विभाग क्वालकॉमने २००९ मध्ये साडेसहा कोटी डॉलरना घेतला, त्यातून हा धागा आला.) ड्रायव्हर म्हणजे गेम आणि चिप यांच्यातला दुभाषा प्रोग्रॅम. फोनबरोबर येणारा ड्रायव्हर स्नॅपड्रॅगन बनवणाऱ्या क्वालकॉमचा असतो आणि त्याचा सोर्स कोड खुला नसतो. रॉब क्लार्क यांनी २०१२ मध्ये अ‍ॅड्रेनो चिप बाहेरून निरखून, ती काय सांगितल्यावर काय करते हे उलगडत फ्रीड्रेनो हा खुला ड्रायव्हर सुरू केला. त्याच कामाच्या पायावर मेसा या खुल्या ग्राफिक्स ड्रायव्हरांच्या प्रकल्पात वल्कनसाठी (गेम ज्या भाषेत चिपला चित्र काढायला सांगतो ती) जो ड्रायव्हर उभा राहिला तो टर्निप. विनलेटर (विंडोजचे गेम फोनवर चालवणारं) आणि डॉल्फिन, पीपीएसएसपीपी, व्हिटा-थ्री-के (इतर गेमयंत्रांचे गेम चालवणारे एम्युलेटर) अशी अ‍ॅप तो रूट न करता, फक्त स्वतःपुरता वापरतात. बाकीचा फोन कंपनीच्याच ड्रायव्हरवर चालत राहतो.

हा खटाटोप करायचा कशाला? कारण मधल्या किमतीच्या फोनला दोन-तीन वर्षांनी अपडेट येणं थांबतं आणि त्याचा ड्रायव्हर आहे तिथेच गोठतो. सहाशेच्या घरातल्या अ‍ॅड्रेनोचे कितीतरी फोन कंपनीच्या ड्रायव्हरवर वल्कन १.१ च्या पुढे जात नाहीत. तीच चिप टर्निपवर वल्कन १.३ बोलते. घरात पडून असलेल्या चार वर्षं जुन्या फोनवर संगणकाचा गेम सुरू होताना मी पाहिलाय, आणि पगारातून नवा फोन घेणं ज्यांना परवडत नाही त्यांच्यासाठी याचं मोल फार मोठं आहे. म्हणून हे नीट चालावं असं मला मनापासून वाटतं.

लक्षणं

तुमच्या फोनवर यातलं काय दिसतंय ते आधी ठरवा, पुढे उपयोगी पडेल.

- आवाज येतो, स्क्रीन काळी.
- गेम उघडता उघडता अ‍ॅप बंद होऊन होम स्क्रीन येते.
- चित्र येतं, पण त्यावर हिरव्या, गुलाबी किंवा काळ्या चौकटी नाचतात.
- माणसं, झाडं, भिंती मधूनच गायब होतात, कॅमेरा फिरवला की परत येतात.
- दहा-पंधरा मिनिटं झकास, मग एकदम अडखळायला लागतं.
- ड्रायव्हर बदलला तरी काडीचाही फरक पडत नाही.

शेवटचं लक्षण सगळ्यात जास्त वेळा येतं आणि त्याकडेच सगळ्यात जास्त दुर्लक्ष होतं.

स्क्रीनशॉट काढा

खर्च शून्य, वेळ दहा सेकंद. चौकटी किंवा रेघा दिसत असताना स्क्रीनशॉट काढा आणि तो दुसऱ्या फोनवर पाठवून बघा. स्क्रीनशॉटमध्येही बिघाड दिसला तर चित्र तयार होतानाच बिघडतंय, म्हणजे ड्रायव्हर, अ‍ॅप किंवा चिप. स्क्रीनशॉट स्वच्छ असेल तर चित्र बरोबर तयार होतंय आणि दाखवताना बिघडतंय, म्हणजे डिस्प्ले किंवा त्याची पट्टी. दुसऱ्या बाबतीत इथेच थांबा. जगातला कोणताही ड्रायव्हर सैल झालेली पट्टी बसवणार नाही. फोन दुरुस्तीवाल्याकडे न्या.

मग फोन एकदा पूर्ण बंद करून चालू करा. चिप एकदा अडकली की काही फोनवर पुढचं प्रत्येक अ‍ॅप वेडंवाकडं वागतं, आणि रीस्टार्ट न करता केलेल्या तपासण्यांवर विश्वास ठेवता येत नाही.

चिप नक्की कोणती आहे?

फोनचं नाव पुरेसं नाही. रेडमी नोट १० प्रोमध्ये स्नॅपड्रॅगन ७३२जी आहे, त्यात अ‍ॅड्रेनो ६१८. त्याच घरातल्या रेडमी नोट १० एसमध्ये हेलिओ जी९५ आहे, त्यात माली. गॅलॅक्सी एस२१ भारतात एक्झिनॉस २१०० घेऊन आला, अमेरिकेत तोच फोन स्नॅपड्रॅगन ८८८ वर. व्हिडिओत "हा फोन, हा ड्रायव्हर, झालं काम" असं बघून आलेल्या निम्म्या मुलांचा घोळ इथेच असतो. सीपीयू-झेडसारखं एखादं अ‍ॅप टाका आणि जीपीयूसमोर काय लिहिलंय ते वाचा.

माली, पॉवरव्हीआर किंवा एक्सक्लिप्स दिसलं तर टर्निप तुमच्यासाठी नाही. मालीसाठीही खुले ड्रायव्हर आहेत, पॅनफ्रॉस्ट आणि पॅनव्हीके. पण त्यांना कर्नलमध्ये (सिस्टिमच्या गाभ्यात) त्यांच्याच जोडीचा भाग लागतो, आणि अँड्रॉइड फोनच्या कर्नलमध्ये एआरएमचा वेगळा भाग बसवलेला असतो. दोघांची भाषा जुळत नाही. अ‍ॅपमधून झिप निवडून हे सुटणारं नाही. अशा फोनवर विनलेटरमध्ये ड्रायव्हर म्हणून व्हर्जल किंवा नव्या आवृत्त्यांतला व्होर्टेक निवडा आणि पुढचा मजकूर सोडून द्या.

अ‍ॅड्रेनो ५०६, ५०९, ५१२ असे पाचशेतले आकडे दिसले तरीही थांबा, टर्निप सहाशेपासून पुढे चालतो. सातशेतल्या चिपना नव्या बिल्ड (ड्रायव्हरच्या बांधून तयार आवृत्त्या) लागतात. आठशेतल्या, म्हणजे स्नॅपड्रॅगन ८ एलिटमधल्या अ‍ॅड्रेनो ८३० सारख्या चिपांसाठीचं काम मेसामध्ये उशिरा आलं. २०२४ च्या बिल्ड त्यावर चालणार नाहीत, कितीही वेळा टाकल्या तरी.

ड्रायव्हर खरंच लागलाय का?

माझ्या मते या सगळ्यातली ही सर्वात महत्त्वाची तपासणी आहे.

बरीच अ‍ॅप नवा ड्रायव्हर उघडता आला नाही तर काही न बोलता फोनच्या मूळ ड्रायव्हरवर परत जातात. तुम्ही टर्निपची २४.१ टाकता, मग २४.३, मग २५.०, आणि तिन्ही वेळा चालत असतो क्वालकॉमचाच. तिन्ही वेळा निकाल सारखाच येतो, आणि तुमचा समज होतो की टर्निपच वाईट.

उलट चूकही होते. सीपीयू-झेड उघडून त्यात क्वालकॉमचं नाव दिसलं म्हणून "ड्रायव्हर लागलाच नाही" असं ठरवू नका. टर्निप फक्त त्या एका अ‍ॅपच्या आत लागतो. बाहेरच्या अ‍ॅपला तो कधीच दिसणार नाही. बघायचं ते त्या अ‍ॅपच्या आतूनच.

पीपीएसएसपीपीमध्ये सिस्टिम इन्फो नावाचं पान आहे, तिथे ड्रायव्हरचं नाव येतं. विनलेटरमध्ये कंटेनरच्या (गेम ज्या विंडोजच्या खोक्यात चालतो त्याच्या) सेटिंगमध्ये एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल्सच्या यादीत एक ओळ जोडा. नाव: कॅपिटलमध्ये डी-एक्स-व्ही-के, अंडरस्कोर, एच-यू-डी. किंमत: स्मॉलमध्ये डेव्हइन्फो (डी-ई-व्ही-आय-एन-एफ-ओ), स्वल्पविराम, एफपीएस, मध्ये जागा न सोडता. आता गेम लावला की डाव्या कोपऱ्यात वर पांढऱ्या अक्षरांत चिपचं नाव, ड्रायव्हर आणि त्याची आवृत्ती दिसते.

गेल्या महिन्यात भाच्याच्या स्नॅपड्रॅगन ६९५ वाल्या फोनवर हे केलं. तो आठवडाभर बिल्ड बदलत होता. त्या कोपऱ्यात "टर्निप अ‍ॅड्रेनो ६१९" आलं आणि खाली मेसाचा आकडा, पण तो आकडा त्याने आदल्या रात्री टाकलेल्या बिल्डचा नव्हता, दीड वर्ष जुना होता. त्याने ड्रायव्हर एका कंटेनरला लावला होता आणि गेम दुसऱ्या कंटेनरमधून उघडत होता. दोन्ही कंटेनरची नावं सारखी होती. एक पुसला, प्रश्न संपला.

वाचायचं कसं ते सांगतो. नावात टर्निप आणि मेसा दिसलं तर ड्रायव्हर लागलाय. मेसाचा आकडा वर्षावरून असतो: २४ म्हणजे २०२४, पुढचा आकडा त्या वर्षातली कितवी आवृत्ती. क्वालकॉमचं नाव आणि ५१२ ने सुरू होणारा आकडा दिसला तर मूळ ड्रायव्हर चालतोय. टर्मक्समध्ये (फोनवर लिनक्सच्या कमांड चालवायची सोय) काम करणाऱ्यांना कधीकधी एलएलव्हीएम-पाइप हे नाव दिसतं. त्याचा अर्थ चित्र चिपच्या ग्राफिक्सकडून काढलंच जात नाहीये, सगळा भार सीपीयूवर आहे. मग गेम सेकंदाला दोन चित्रं काढत असेल तर त्यात नवल नाही.

आणि आता मुद्दाम मूळ ड्रायव्हर निवडून तोच गेम, तीच जागा, एकदा चालवून बघा. दोन्ही ड्रायव्हरवर बिघाड अगदी सारखाच असेल तर दोष ड्रायव्हरमध्ये शोधू नका. तो गेमच्या फाइलमध्ये, एम्युलेटरमध्ये किंवा फोनमध्ये आहे.

झिप फाइल

बहुतेक एम्युलेटर ड्रायव्हर झिपच्या रूपात मागतात. आत मुख्यतः दोन गोष्टी असतात: डॉट-एसओ ही खरी ड्रायव्हर फाइल, आणि मेटा डॉट जेसन नावाची छोटी चिठ्ठी. चिठ्ठीत ड्रायव्हरचं नाव, आवृत्ती, किमान अँड्रॉइड आणि डॉट-एसओ फाइलचं नेमकं नाव लिहिलेलं असतं. नाव एका अक्षराने चुकलं तरी ड्रायव्हर उघडत नाही.

सगळ्यात जास्त दिसणारी चूक: झिप उतरवली, फाइल मॅनेजरने ती फोडली, मग फोल्डरसकट परत झिप केली. आता मेटा फाइल एका फोल्डरच्या पोटात गेली आणि अ‍ॅपला सापडत नाही. झिप फोडू नका, जशी आली तशीच द्या. दुसरी चूक: विनलेटरसाठी बांधलेलं पॅकेज एम्युलेटरला देणं, किंवा त्याच्या उलट. विनलेटरच्या पोटात एक छोटी लिनक्स असते, त्यासाठीची फाइल वेगळी बांधलेली असते. आकडा एकच असला म्हणून चालत नाही. तिसरी: फोन रूट केलेल्यांसाठीचं मॅजिस्क मॉड्यूल (मॅजिस्क हे रूट करण्याचं साधन) इथे देणं, कारण तीही झिपच असते. तिन्ही झिप डाउनलोड फोल्डरमध्ये शेजारी शेजारी पडल्या की ओळखू येत नाहीत. उतरवल्या उतरवल्या नाव बदलून ठेवा.

एक गोष्ट गांभीर्याने सांगतो. डॉट-एसओ ही नुसती सेटिंगची फाइल नाही, तो चालणारा प्रोग्रॅम आहे. अ‍ॅपला ज्या परवानग्या तुम्ही दिल्यात त्या सगळ्या त्यालाही मिळतात, फोनमधल्या फाइल वाचण्याची परवानगीसुद्धा. टेलिग्रामच्या अनोळखी चॅनेलवर "जादा एफपीएस" (सेकंदाला जास्त चित्रं) म्हणून फिरणारी झिप लहान मुलांच्या हातात पडलेली मी पाहिलीये. बांधणाऱ्याने बदल उघडपणे दाखवलेत, जुन्या आवृत्त्या यादीत आहेत, लोक तिथे तक्रारी लिहितात आणि उत्तरं मिळतात, अशाच जागेवरून घ्या.

सगळ्यात नवीन बिल्डच चांगली असंही नाही. सहाशेतल्या चिपवर मी आधी वर्षभर जुनी, स्थिर आवृत्ती लावतो. ती चालली की मग पुढे सरकतो.

जुनी कॅश

गेम चालताना चिपसाठी जे छोटे प्रोग्रॅम बनतात त्यांना शेडर म्हणतात, आणि ते पुन्हा पुन्हा बनवायला लागू नयेत म्हणून साठवून ठेवतात. ड्रायव्हर बदलला की जुना साठा निरुपयोगी होतो. नीट लिहिलेलं अ‍ॅप तो स्वतः टाकून देतं, पण सगळी अ‍ॅप तशी नसतात. ड्रायव्हर बदलल्यावर पहिल्याच मिनिटाला बंद पडत असेल तर गेमची शेडर कॅश पुसा. त्यानंतर पहिली काही मिनिटं गेम अडखळेल, कारण साठा नव्याने बनतोय. तेवढ्यावरून ड्रायव्हर वाईट ठरवू नका. मी एकच रस्ता तीनदा फिरून मग आकडा बघतो.

अ‍ॅपचा "डेटा" मात्र पुसू नका. त्यात कंटेनर, सेव्ह केलेले गेम, सगळं जातं. बटणं शेजारी शेजारी असतात, घाईत चुकीचं दाबलं जातं.

विनलेटरवाल्यांसाठी: डीएक्सव्हीकेची आवृत्ती

आवाज येतोय पण स्क्रीन काळी, किंवा गेम उघडताच बंद, आणि ड्रायव्हर मात्र लागलाय अशी खात्री झालीये, तर इथे बघा. विंडोजचे गेम डायरेक्ट-थ्री-डी बोलतात, डीएक्सव्हीके ते वल्कनमध्ये फिरवून देतो. नोव्हेंबर २०२२ मध्ये आलेल्या डीएक्सव्हीके २.० पासून वल्कन १.३ असल्याशिवाय तो चालत नाही. त्याआधीच्या १.१०.३ ला १.१ पुरतं.

याचा हिशोब सरळ आहे. मूळ ड्रायव्हर वल्कन १.१ चा असेल तर त्यावर डीएक्सव्हीके २ उघडणारच नाही. टर्निप लागला असेल तर उघडायला हवा. तरी अडलं तर १.१०.३ वर उतरून बघा, जुन्या गेमना तो बऱ्याचदा जास्त मानवतो. दहा वर्षांपेक्षा जुना गेम असेल तर नव्या आवृत्तीचा हट्ट धरण्यात काहीच हशील नाही. फार जुने, डायरेक्ट-एक्स ७ च्या काळातले गेम डीएक्सव्हीकेच्या वाटेने जातच नाहीत, त्यांना वाइन-डी-थ्री-डी लावा.

एका वेळी एकच गोष्ट बदला. ड्रायव्हर आणि डीएक्सव्हीके एकदम बदलले आणि गेम चालला, तर कशामुळे चालला ते कधीच कळत नाही, आणि पुढच्या अपडेटला तुम्ही परत शून्यावर.

ड्रायव्हरवर नाहक आळ

गेम मध्येच बंद होऊन थेट होम स्क्रीनवर आलात, तर अँड्रॉइडनेच तो मारलेला असू शकतो. अँड्रॉइड १२ पासून अ‍ॅपने जन्माला घातलेल्या उपप्रोसेसांवर ३२ ची मर्यादा आहे, ती सगळ्या अ‍ॅपची मिळून. विनलेटर आणि टर्मक्स भरपूर उपप्रोसेस काढतात. मर्यादा ओलांडली की प्रोसेस गुपचूप मारल्या जातात आणि टर्मक्समध्ये "सिग्नल ९" एवढंच दिसतं. काही फोनवर, विशेषतः अँड्रॉइड १४ पासून, डेव्हलपर ऑप्शन्समध्ये चाइल्ड प्रोसेसवरचं बंधन काढण्याचं बटण मिळतं. जिथे ते नाही तिथे संगणकाला जोडून एडीबीने (संगणकावरून फोनला हुकूम देणारं साधन) तेच करता येतं. सिग्नल ९ दिसत असताना ड्रायव्हर बदलत बसण्यात अर्थ नाही.

रॅमचंही तसंच. चार जीबीच्या फोनवर विंडोजचा मोठा गेम, मागे व्हॉट्सअ‍ॅप, ब्राउझर आणि संगीत. बंद पडणारच. आणि ते बंद पडणं दिसायला अगदी ड्रायव्हर कोसळल्यासारखंच असतं. मागचं सगळं बंद करा, रिझोल्यूशन १२८० गुणिले ७२० किंवा त्याहून खाली आणा, टेक्स्चर सगळ्यात कमी दर्जावर ठेवा.

दहा-पंधरा मिनिटांनी अडखळायला लागलं तर फोनच्या पाठीला हात लावा. चार्जिंगला लावून खेळत असाल तर काढा, कव्हर काढा, पंख्याखाली बसा. एप्रिल-मेच्या दुपारी पत्र्याच्या खोलीत हीच तक्रार घेऊन येणारे तिप्पट होतात आणि पावसाळ्यात आपोआप कमी होतात. चिप तापली की स्वतःचा वेग कमी करते. ते तिचं संरक्षण आहे, ते बंद करायच्या युक्त्या कुणी सांगितल्या तर ऐकू नका.

टर्निपच्या आतल्या कळा

इथवर सगळं बरोबर आहे, टर्निप लागलाय, मूळ ड्रायव्हरवर बिघाड नाही आणि टर्निपवर मात्र आहे, तर आता ड्रायव्हरलाच हात घालायचा. मेसात त्यासाठी एक एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल आहे: कॅपिटलमध्ये टी-यू, अंडरस्कोर, डी-ई-बी-यू-जी. विनलेटरमध्ये ते बहुतेक आधीपासून असतं आणि त्याची किंमत "नोकन्फॉर्म" असते. ती पुसायची नाही. पुढे स्वल्पविराम देऊन नवा शब्द जोडायचा, सगळं स्मॉल अक्षरांत, जागा न सोडता.

कोणता शब्द कधी, हे कळायला चिप कशी काम करते ते थोडं बघू. अ‍ॅड्रेनोच्या आत जीमेम नावाची छोटी, अतिशय वेगवान मेमरी असते. अ‍ॅड्रेनो ६१८ मध्ये ती ५१२ केबी, ६३० मध्ये १ एमबी. आता १२८० गुणिले ७२० च्या एका चित्राला, प्रत्येक ठिपक्याला चार बाइट धरले, तर साधारण ३.७ एमबी लागतात. तेवढं आत मावत नाही. म्हणून चिप चित्राचे तुकडे पाडते, एकेक तुकडा आत आणून रंगवते आणि बाहेर मुख्य मेमरीत ठेवते. स्वयंपाकघरातला ओटा लहान असला की एकेक परात घेऊन पोळ्या लाटाव्या लागतात, तसं. या तुकड्यांच्या ने-आणीत चूक झाली की चौकोनी डाग, अर्धवट काळे भाग, एकाच पट्ट्यात गोठलेलं चित्र दिसतं. तेव्हा "सिसमेम" (एस-वाय-एस-एम-ई-एम) हा शब्द जोडा. मग चिप तुकडे न पाडता थेट मुख्य मेमरीत रंगवते. वेग बहुधा थोडा कमी होतो, पण डाग गेले तर दोष कुठे आहे ते कळलं.

हिरव्या-गुलाबी चौकटी नाचत असतील तर "नोयूबीडब्ल्यूसी". यूबीडब्ल्यूसी म्हणजे चित्र मेमरीत दाबून ठेवण्याची क्वालकॉमची पद्धत. लिहिणाऱ्याने दाबून लिहिलं आणि वाचणाऱ्याने साधं समजून वाचलं की रंगांचा असा कचरा होतो. एका मुलाच्या फोनवर पूर्ण स्क्रीनभर बोराएवढ्या गुलाबी चौकटी होत्या, मेनूसुद्धा वाचता येत नव्हता. हा एक शब्द जोडला, गेम पुन्हा उघडला, स्क्रीन धुतल्यासारखी स्वच्छ. एफपीएस ३४ वरून २९ वर आले. त्याला तो सौदा आनंदाने मान्य होता.

वस्तू गायब होऊन परत येत असतील तर "नोएलआरझेड". भिंतीमागे लपलेल्या गोष्टी रंगवायच्या नाहीत हे चिप आधी एका ढोबळ, छोट्या नकाशावरून ठरवते. नकाशा चुकला की समोरची वस्तूही "लपलेली" धरली जाते.

एका वेळी एकच शब्द जोडा. फरक पडला नाही तर काढून टाका, मग पुढचा. तिन्ही एकदम ठेवून दिले तर गेम चालेलही, पण उगाच मंद. आणि ज्या शब्दाने काम झालं तो लिहून ठेवा, पुढच्या बिल्डमध्ये त्याची गरज राहिलीये का ते परत बघता येतं.

लॉग

यापुढचं काम संगणक आणि केबल घेऊन. डेव्हलपर ऑप्शन्समधून यूएसबी डीबगिंग चालू करा, एडीबीने लॉगकॅट (फोनमधल्या नोंदी दाखवणारी कमांड) लावा, गेम उघडा, बंद पडू द्या. हजारो ओळी येतील. शोधायच्या फक्त तीन.

"डीएलओपन फेल्ड" दिसलं तर ड्रायव्हर फाइल उघडलीच नाही. त्याच ओळीत पुढे एखादी लायब्ररी सापडत नाही किंवा सिम्बॉल सापडत नाही असं लिहिलेलं असतं. सिम्बॉलची तक्रार असेल तर ती बिल्ड तुमच्या अँड्रॉइडपेक्षा नव्या आवृत्तीसाठी बांधलेली असण्याची शक्यता मोठी. जुनी बिल्ड घ्या.

"डिव्हाइस लॉस्ट" दिसलं तर ड्रायव्हर लागला, चालला, आणि मग चिप अडकली. ओळींमध्ये केजीएसएल हे नाव जवळपास दिसेल, तो कर्नलमधला अ‍ॅड्रेनोचा भाग. हा खरा ड्रायव्हरचा किंवा कर्नलचा दोष. आधी वरचे तीन शब्द, मग दुसरी बिल्ड.

"लो मेमरी किलर" दिसलं तर रॅम. वर सांगितलंय.

इथे थांबा

पुढची पायरी म्हणून लोक रूट करून फोनच्या व्हेंडर विभागातला मूळ ड्रायव्हरच बदलतात. मी हे करत नाही आणि करूनही देत नाही. अ‍ॅपपुरता लावलेला ड्रायव्हर कोसळला तर अ‍ॅप बंद पडतं. पूर्ण फोनला लावलेला कोसळला तर होम स्क्रीनच काढता येत नाही आणि फोन लोगोवर फिरत राहतो. रूट करण्याआधी बूटलोडर (फोन चालू करणारा पहिला प्रोग्रॅम) अनलॉक करताना फोन पूर्ण पुसला जातो, बँकेची आणि यूपीआयची काही अ‍ॅप नंतर चालायला नकार देतात. एका ओळखीच्या मुलाने वडिलांच्या कामाच्या फोनवर हे केलं. दुकानाचे सगळे व्यवहार त्या फोनवर होते, आणि तीन दिवस त्या माणसाला गिऱ्हाइकांकडून रोख मागावी लागली.

ज्यांच्याकडून हे आधीच झालंय आणि फोन लोगोवर अडकलाय, त्यांनी एकच गोष्ट करावी: फोन सेफ मोडमध्ये चालू करून बघावा. मॅजिस्क सेफ मोडमध्ये सगळी मॉड्यूल बंद करतं, म्हणजे पुढच्या वेळी फोन मूळ ड्रायव्हरवर उठू शकतो. तेवढ्याने उठला नाही तर इंटरनेटवरून मिळेल ती रॉम (फोनची पूर्ण सिस्टिम) टाकत बसू नका. चुकीच्या मॉडेलची फाइल गेली तर उठण्याची शक्यताही जाते. सेवा केंद्रात न्या आणि काय केलंत ते खरं खरं सांगा. लपवलं तर तंत्रज्ञाचा वेळ आणि तुमचे पैसे दोन्ही वाया जातात.

हार्डवेअरच्या बाबतीत तीन खुणा लक्षात ठेवा. कंपनीच्या ड्रायव्हरवर, साध्या गॅलरीत किंवा फोन चालू होतानाच्या लोगोवरही रेघा आणि ठिपके येत असतील, तर बोर्ड तपासणारा कारागीर हवा. खेळताना फोन बंद पडून थंड झाल्यावरच चालू होत असेल, तर बॅटरी आणि बोर्ड दोन्ही दाखवा. आणि मागचं झाकण उचललं गेलंय, स्क्रीन कडेने वर आलीये असं दिसलं तर बॅटरी फुगलीये. त्याच क्षणी फोन बंद करा, चार्जरला लावू नका, दाबून बसवायचा प्रयत्न करू नका, आणि घरी उघडू नका.

हार्डवेअर ठीक, सगळ्या तपासण्या झाल्या, मूळ ड्रायव्हरवर चालतं आणि टर्निपच्या ताज्या आवृत्तीवरही बिघाड तसाच, तर तो खरा दोष आहे आणि तो ड्रायव्हर लिहिणाऱ्यांपर्यंत पोचायला हवा. मेसाचं काम फ्रीडेस्कटॉपच्या गिटलॅबवर उघडपणे चालतं, तिथे तक्रार नोंदवता येते. चिपचं नाव, अँड्रॉइडची आणि मेसाची आवृत्ती, गेमचं नाव आणि नेमकी जागा, कोणत्या शब्दाने बिघाड जातो, लॉगची फाइल आणि एक स्क्रीनशॉट एवढं द्या. बिल्ड कुणी बदल करून बांधलेली असेल तर तक्रार आधी त्या बांधणाऱ्याकडे न्या, मेसाच्या लोकांना त्या बदलांची माहिती नसते.